दहा मोरांची साडी

युरोपातल्या कुठल्याशा देशाच्या वयोवृद्ध राणीसाहेब वारल्या, त्या दिवशी मास्तरांनी दुपारचा डबा उघडला नाही. मला सुरतेजवळच्या सचिन गावातल्या त्या साड्यांच्या मिलमध्ये लागून जेमतेम आठवडा झाला होता. मला वाटलं, त्यांच्या घरातच कोणी गेलं. मी जवळ जाऊन हळू आवाजात विचारलं, तर ते चष्मा पुसत म्हणाले, "घरातलंच समज." मी दिवसभर त्यांच्याशी जपून बोलले. संध्याकाळी मिलच्या बसमध्ये खात्यातल्या एका बाईंनी सांगितलं की हे सुतक मास्तरांना वर्षातून दोन-तीनदा येतं, आणि दर वेळी वेगळ्या देशातून.

मास्तर आमच्या डिझाईन खात्याचे प्रमुख होते. मूळचे खानदेशातले, तापीकाठच्या एका गावातले. तरुणपणी सुरतेला आले, आधी लूमवर उभे राहिले, मग छपाईच्या स्क्रीन धुवायला लागले आणि हाताची सफाई बघून शेठनी त्यांना एके दिवशी डिझाईनच्या टेबलावर बसवलं. त्यांचं नाव मी मिलमध्ये कोणाच्याच तोंडून ऐकलं नाही. कलर किचनमध्ये, म्हणजे रंग कालवायच्या खोलीत, असलेल्या ओडिया कामगारांपासून थेट शेठपर्यंत सगळे त्यांना मास्तर म्हणत. मराठी ते माझ्याशी बोलत, गुजराती शेठशी, हिंदी कामगारांशी. रागावले की मात्र घरची अहिराणी बाहेर पडे. एखादी फुलाची पाकळी माझ्याकडून जाड निघाली की ते कॉम्प्युटरच्या स्क्रीनवर बोट ठेवून विचारत, "हाई काय शे?" मी खानदेशातलीच, त्यामुळे मला ते कळे आणि जास्त लागे.

आमचं काम सांगायला सोपं होतं, कबूल करायला जरा कठीण. कुठल्या नटीने, मंत्र्याच्या सुनेने किंवा राणीने टीव्हीवर चांगली साडी नेसलेली दिसली की ती तशीच्या तशी काढायची आणि जॉर्जेटवर छापायची. मूळ साडी विणायला विणकराचे सहा महिने गेलेले असायचे. आमची चौथ्या दिवशी सुरतेच्या रिंग रोडवरच्या कापड मार्केटमध्ये टांगलेली असायची. इतर मिलींत याला सरळ कॉपी म्हणत. आमच्या खात्यात तो शब्द चालत नसे. मास्तर म्हणत, आपण साडी उतरवतो. हे ते अशा सुरात म्हणत, जणू आम्ही त्या बाईची दृष्टच काढतो आहोत.

उतरवण्याचा त्यांचा एक नियम होता. मूळ साडीतली एक गोष्ट गाळायची. वेलीवर सात कळ्या असतील तर सहा काढायच्या, काठावर हंसाची जोडी असेल तर कुठेतरी एकच हंस ठेवायचा. सगळं घेतलं तर ती चोरी, एक वस्तू त्यांच्याकडे राहू दिली तर तो मान, असं त्यांचं शास्त्र होतं. शेठना यातलं काही माहीत नव्हतं आणि साडी घेणाऱ्या बायकांच्याही कधी लक्षात आलं नाही. मला हा नियम आधी गमतीचा वाटला. नंतर लक्षात आलं, की हा माणूस रोज सकाळी मिलच्या बसमधून उतरतो, सचिनच्या कारखान्यांच्या रंगीत गटारावरून उडी मारून आत येतो आणि दिवसभर दुसऱ्यांची कामं छापतो. त्याला मान ताठ ठेवायला एवढी एक कळी पुरत असेल तर आपलं काय जातं.

मान ते खरोखरच ताठ ठेवत. उन्हाळ्यातसुद्धा गळ्यापर्यंत बटणं लावलेला बंद गळ्याचा कोट घालत. तो मिलच्याच डाग पडलेल्या कापडाचा होता, हे आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. त्यांनी तो उलट बाजूने शिवून घेतला होता. चहा प्लास्टिकच्या कपातून पीत नसत. कॅन्टीनच्या संडासाला कडी नाही, लिफ्ट महिनाभर बंद आहे, शेठ कामगारांवर ओरडत आहेत, या सगळ्यावर त्यांचं एकच म्हणणं असे: "राजघराण्यात असं नसतं." राजघराण्यात लिफ्ट कोण दुरुस्त करतं हे त्यांना कोणी विचारलं नाही.

हे वेड कामातूनच लागलं होतं. पूर्वी इंटरनेट नव्हतं तेव्हा चांगल्या साड्या बघायच्या तर इंग्रजी मासिकं लागत. मास्तर रविवारी भंगारवाल्यांकडे जाऊन किलोवर मासिकं आणत आणि राजेरजवाड्यांच्या लग्नांची पानं कापून वहीत चिकटवत. सुरुवातीला ते पदर आणि काठ बघत. मग हळूहळू वर चेहऱ्याकडे बघायला लागले. कोण कोणाची सून, कोणाची मुलगी कुठे दिली, कोणाचं कोणाशी पटत नाही, हे सगळं त्यांना स्वतःच्या भाऊबंदांपेक्षा जास्त पाठ होतं. सुरतेच्या पांडेसरा भागात त्यांच्या दोन खोल्यांच्या घरी मी एकदा गणपतीला गेले, तर भिंतीवर देवांच्या रांगेतच पुढे दोन राजे आणि एक राजमाता लावलेल्या होत्या. त्यांच्या बायकोने, म्हणजे काकूंनी, माझ्या हातात प्रसाद ठेवता ठेवता सांगितलं, की नात्यातल्या लग्नाला यांना कधी रजा मिळत नाही आणि तिकडच्या लग्नाला हे रजा टाकून टीव्हीसमोर कोट घालून बसतात. काकूंच्या बोलण्यात तक्रार होती, पण त्या राजमातेच्या फोटोलासुद्धा त्यांनी हळदकुंकू वाहिलेलं होतं.

त्या राजमाता म्हणजे मध्य भारतातल्या एका लहानशा मराठी संस्थानाच्या. संस्थान कधीच विलीन झालेलं, राजवाडा उरलेला. मास्तरांची खरी निष्ठा याच घराण्यावर होती. बाकीचे राजे मोठे होते, हे आपले होते. आणि याच घराण्यातल्या राजकन्येचं, राजमातेच्या नातीचं, लग्न ठरल्याची बातमी आली, त्या सुमाराची ही गोष्ट आहे.

बातमी मीच त्यांना फोनवर दाखवली. त्यांनी चष्मा वर करून वाचली आणि विचारलं, मुलगा कोण. मुलगा जुन्या जहागीरदार घराण्यातला होता, शिकलेला, दिसायला देखणा, आणि धंदा करत होता. कसला धंदा, असं त्यांनी विचारलं. मी खाली वाचत गेले. नळाच्या तोट्यांचा होता. देशभर त्याच्या तोट्या जात होत्या, परदेशातही जात होत्या. मास्तरांनी फोन मला परत दिला आणि दोन दिवस त्या लग्नाचं नाव काढलं नाही.

तिसऱ्या दिवशी डबा खाताना ते आपणहूनच म्हणाले, की पूर्वीचे राजे विहिरी बांधायचे, पाणपोया घालायचे. तर पाण्याचं काम करणारं घराणं काही वाईट नाही. राजवाड्याचं गळकं छप्पर दुरुस्त होत असल्याची बातमीही त्याच महिन्यात आली होती. ती त्यांनी वहीत चिकटवली, पण लग्नाच्या बातमीपासून चार पानं लांब.

इकडे मिलमध्ये वेगळंच वारं वाहत होतं. आमच्या शेठना मोटा शेठ म्हणत आणि त्यांच्या मुलाला नाना शेठ. गुजरातीत नाना म्हणजे धाकटा. माझ्या आईला हे शेवटपर्यंत पटलं नाही, ती मला विचारायची की तुमचे नाना एवढे तरुण कसे. तर हे नाना शेठ शिकून आले होते आणि त्यांनी नवीन सॉफ्टवेअर आणलं होतं. फोटो टाकला की साडीचं डिझाईन पंधरा मिनिटांत तयार. मास्तर भिंग लावून दोन दिवस बघत, तोवर बाजार निघून जाई. नाना शेठनी मला केबिनमध्ये बोलावलं आणि सांगितलं, की दिवाळीनंतर मास्तरांना आराम द्यायचा आहे, खातं तू बघ. आराम हा शब्द त्यांनी इतक्या प्रेमाने उच्चारला की मला आधी वाटलं, मास्तरांना सुट्टीच देत आहेत.

मी मास्तरांना काही बोलले नाही. त्यांना माहीत असावं. नाना शेठच्या सांगण्यावरून शिपायाने त्यांच्या टेबलावरचा दिवा काढून माझ्या टेबलावर आणून ठेवला, तेव्हा त्यांनी फक्त एवढंच विचारलं, की मला तिथे उजेड पुरतो का.

चातुर्मासातल्या काढीव मुहूर्तावर लग्न झालं. मास्तरांनी रजा टाकली, कोट घालून पाहिलं आणि दुसऱ्या दिवशी कामावर आले ते मुलीची पाठवणी करून आल्यासारखे. त्या दिवशी सगळीकडे एकच फोटो फिरत होता. सीमांतपूजनाच्या संध्याकाळी राजकन्या वाड्याच्या पायरीवर बसली होती आणि तिचा पदर दोन पायऱ्यांवर पसरला होता. मोतिया रंग, पदरावर मोरांची ओळ. खाली लिहिलं होतं, की राजकन्येने आजीची साडी नेसली. जाणकार लोक लिहीत होते, की असं काम आता होत नाही, असा हात आता राहिला नाही. नाना शेठ सकाळीच खात्यात आले आणि म्हणाले, ही साडी उद्या दुपारपर्यंत पाहिजे.

मी फोटो मोठा करून मास्तरांसमोर ठेवला. त्यांनी भिंग काढलं. मग त्यांनी मोर मोजले. पुन्हा मोजले. मला म्हणाले, "तू मोज."

मी मोजले. दहा होते. ओळीच्या शेवटी, जिथे अकरावा मोर बसला असता, तिथे बेलाचं एक पान होतं.

मास्तर उठले, जुन्या नमुन्यांच्या कपाटाशी गेले आणि तळाच्या कप्प्यातून एक पिवळा पडलेला ट्रेसिंग पेपर घेऊन आले. तो पसरला तर तोच पदर, तेच दहा मोर, तेच पान. बावीस वर्षांपूर्वी एका मासिकातल्या राजमातेच्या फोटोवरून त्यांनी ही साडी उतरवली होती. मूळ साडीवर अकरा मोर होते. एक त्यांनी गाळला होता आणि जागा मोकळी दिसू नये म्हणून तिथे बेलाचं पान घातलं होतं. ते पान जगातल्या दुसऱ्या कुठल्याच साडीवर असायचं कारण नव्हतं.

राजकन्या आमच्या मिलचं जॉर्जेट नेसून बसली होती.

मला हसू आलं आणि मी ते दाबलं नाही. मास्तर हसले नाहीत. ते खुर्चीत बसले आणि म्हणाले, मूळ साडी गेली असेल. फाटली असेल, विकली असेल. नातीला आजीचीच पाहिजे होती, तेव्हा कोणीतरी मिळेल तशी शोधून आणून दिली. मी विचारलं, तिला कळलं नसेल का. आजीची साडी रेशमाची, ही पॉलिस्टरची, हात लावला की समजतं.

"नसेल कळलं, तर आपण सांगणारे कोण?" मास्तर म्हणाले. "आणि कळूनही नेसली असेल, तर मग अजिबातच नाही."

त्यांनी ट्रेसिंग पेपरची घडी घातली, परत कपाटात ठेवली आणि कामाला लागले. नाना शेठना उद्या दुपारपर्यंत साडी पाहिजे होती. मास्तरांनी ती वेळेत दिली. आपलीच साडी त्यांनी भिंग लावून पुन्हा उतरवली, आणि नियम म्हणजे नियम, या वेळी बेलाचं पान गाळलं.

आता मी काय केलं ते सांगते. त्याचं समर्थन करत नाही, पण तेव्हा मला ते शहाणपणाचं वाटलं होतं. माझ्या डोक्यात एकच हिशेब होता: दिवाळी तीन आठवड्यांवर आली आहे, मास्तरांना काढणार आहेत आणि ज्या माणसाची साडी खुद्द राजकन्या लग्नात नेसली त्याला कोणी काढत नाही. शिवाय त्यांची खुर्ची मला मिळणार होती, त्याची टोचणी होतीच. एका दुपारी मास्तर कलर किचनमध्ये गेले असताना मी कपाटातून तो ट्रेसिंग पेपर काढला आणि नाना शेठच्या केबिनमध्ये नेऊन दाखवला. सगळं सांगितलं. मी म्हटलं, मास्तरांचा सत्कार करा.

नाना शेठनी सत्कार सोडून बाकी सगळं केलं. दुसऱ्या दिवशी रिंग रोडला मार्केटच्या तोंडाशी राजकन्येचा फोटो लागला, शेजारी आमच्या मिलचं नाव आणि खाली गुजरातीत आणि हिंदीत, की राजघराण्याची पसंती आमचीच साडी. व्यापाऱ्यांच्या सगळ्या ग्रुपवर ट्रेसिंग पेपरचा फोटो गेला. पहिल्याच दिवशी फोन थांबेनात. मास्तर सकाळी बसमधून उतरले, गेटवरही तोच फोटो लावलेला होता. त्यांनी तो नीट उभं राहून वाचला. मग वर आले, माझ्याकडे न बघता टेबलाशी बसले आणि त्या दिवसापासून आठवडाभर माझ्याशी फक्त कामापुरतं बोलले, तेही हिंदीत. अहिराणीत रागावले असते तर मला बरं वाटलं असतं.

पाचव्या दिवशी संस्थानहून माणूस आला. मला वाटलं होतं वकील येईल, पण आले ते सत्तरीचे एक सडपातळ गृहस्थ, पांढरा शर्ट, हातात कापडी पिशवी. घराण्याचे खासगी कारभारी होते. मोटा शेठच्या केबिनमध्ये ते खुर्चीच्या कडेवर बसले आणि शांतपणे म्हणाले, की ती साडी राजमातासाहेबांची आहे, हातमागाची आहे आणि आपण जे लावलं आहे ते काढावं. नाहीतर घराण्याला नाइलाजाने कोर्टात जावं लागेल. नाना शेठ म्हणाले, कोर्टात तर आम्हीच जाऊ, आमच्याकडे पुरावा आहे. त्यांनी मला ट्रेसिंग पेपर घेऊन बोलावलं आणि मास्तरांनाही.

मोटा शेठ जुने माणूस. त्यांनी मुलाला हाताने थांबवलं, ट्रेसिंग पेपर आणि फोटो दोन्ही मास्तरांच्या पुढे सरकवले आणि विचारलं, "मास्तर, आ आपणी डिझाइन छे के नथी?"

त्या केबिनमध्ये मास्तरांची चाळीस वर्षांची नोकरी टेबलावर ठेवलेली होती. एक 'हो' म्हटलं असतं तर मोटा शेठनी त्यांना मरेपर्यंत काढलं नसतं. सत्कारसुद्धा झाला असता, शाल नारळ घेऊन, मिलच्या अंगणात. मी मनातल्या मनात त्यांना 'हो' म्हणायला सांगत होते.

मास्तरांनी भिंग लावलं. दोन्ही कागद सावकाश पाहिले. कारभाऱ्यांकडे त्यांनी बघितलंच नाही. मग मराठीत, जी शेठसमोर बोलताना मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं, ते म्हणाले, "ही साडी आमची नाही. आमची आहे ती नक्कल, असल ही फोटोतली. मुळातच दहा मोर होते. मी दहाच उतरवले."

नाना शेठनी माझ्याकडे पाहिलं. आता माझी पाळी होती. मला अकरा मोर माहीत होते, राजमातेचा जुना फोटो मास्तरांच्या वहीत आहे हेही माहीत होतं, एक वाक्य बोलले असते तर मास्तर खोटे पडले असते. मी म्हटलं, मला मास्तर सांगतील तेवढंच माहीत आहे. नाना शेठना माझं हे बोलणं आवडलं नाही, पण खोटं पकडायला त्यांच्याकडे माझ्या आधीच्या बोलण्यापलीकडे काही नव्हतं. मोटा शेठनी गेटवरचा आणि मार्केटमधला फोटो काढायला सांगितलं.

कारभारी उठले. जिन्यापर्यंत त्यांना सोडायला मास्तर गेले आणि मीही मागे गेले. पहिल्या पायरीवर कारभारी थांबले. त्यांनी मास्तरांचा हात धरला आणि खालच्या आवाजात म्हणाले, "मास्तर, ती साडी मीच इथल्या बाजारातून नेली होती. तुम्ही आमची..."

मास्तरांनी हात कानाशी नेला. म्हणाले, "मशीनच्या आवाजाने मला हल्ली नीट ऐकू येत नाही. पायरी बघून उतरा, खाली ओल आहे."

खरं तर त्यांचे कान इतके तिखट होते, की कलर किचनमध्ये कोणी निळ्यात हिरवा जास्त टाकला तर ते ओतण्याच्या आवाजावरून ओळखतात, अशी मिलमध्ये ख्याती होती. मग कारभाऱ्यांनी मास्तरांना नमस्कार केला. तो साधा नमस्कार नव्हता. जरा वाकून, उजवा हात कपाळापर्यंत नेऊन केलेला मुजरा होता. मास्तरांना असा मुजरा आयुष्यात कोणी केला नव्हता आणि परत कसा करायचा हे त्यांना, इतक्या वह्या चिकटवूनही, माहीत नव्हतं. त्यांनी घाईघाईने दोन्ही हात जोडले. मग विचारलं, "बाईसाहेब सुखात आहेत ना?"

कारभारी म्हणाले, आहेत. जावई चांगले आहेत. छपराचं काम झालं.

दिवाळीची वाट बघावी लागली नाही. शनिवारी मास्तरांचा निरोप समारंभ झाला, म्हणजे समोसे आले. बोलायला कोणी उभं राहिलं नाही. संध्याकाळी ते टेबल आवरत होते तेव्हा मी जवळ गेले. माफी मागायची होती, पण तोंडातून दुसरंच आलं. मी विचारलं, ती साडी तुमची होती, जन्मभराच्या कामात एक साडी राजघराण्यात गेली, ती तुम्ही नाकारली कशी.

त्यांनी टेबलाचा खण ओढून रिकामा असल्याची खात्री केली. "साडी नेसणाऱ्याची असते," ते म्हणाले. "छापणाऱ्याची कुठली?" आठवड्यानंतर ते माझ्याशी मराठीत बोलले होते, म्हणून मला रडू आलं. तेव्हा त्यांनी ओशाळून विषय बदलला आणि मला बजावलं, की खुर्चीचा डावा पाय आखूड आहे, बसताना सांभाळ.

पुढे मी ती खुर्ची चार वर्षं सांभाळली. सॉफ्टवेअर पंधरा मिनिटांत डिझाईन काढी. ते कधी काही गाळत नसे. मी अधूनमधून एखादी कळी हाताने पुसून टाकायची. मास्तर पांडेसऱ्यातच होते. काकू सांगायच्या, की हल्ली दिवसभर घरी असतात आणि शेजारच्या बायकांना साडीचा पदर कसा घ्यावा ते शिकवतात. बायका हसतात, पण शिकतात.

माझं लग्न शिंदखेड्याकडच्या एका गावात झालं. नवरा सुरतेजवळ हजिऱ्याला कंत्राटी इलेक्ट्रिशियन, पण सासूसासरे गावाला, म्हणून लग्न तिकडे. मास्तर येतील असं मला वाटलं नव्हतं. काकूंच्या म्हणण्यानुसार साध्या माणसांच्या लग्नाला ते जात नसत. ते आले. पहाटे पॅसेंजरने निघून, पुढे जीपने, भर उन्हात, बंद गळ्याचा कोट घालून. मांडवात आले तेव्हा मंगलाष्टकं व्हायची होती आणि माइकवाला एकेका पाहुण्याचं गाव पुकारून टॉवेल-टोपीने सत्कार करत होता.

त्या कोटाकडे आणि त्या मानेकडे बघून माइकवाला गोंधळला. त्याने अदबीने विचारलं, साहेब, आपण कुठले. मास्तरांनी आपल्या जन्मगावाचं नाव सांगितलं असतं तर ते तिथून फार लांब नव्हतं, दहा नातेवाईक निघाले असते. त्यांनी जरा विचार केला आणि म्हणाले, "आम्ही सुरतचे."

बस्स, तेवढ्यावर माइकवाल्याने पुकारलं, की सुरतेच्या राजघराण्यातून खास नवरीला आशीर्वाद द्यायला महाराज आले आहेत. मांडव वळून बघायला लागला. माझे सासरे पंगतीतून हात धुवून धावत आले आणि त्यांनी स्वतःच्या हाताने मास्तरांना टोपी घातली. मास्तरांनी दुरुस्ती केली नाही. त्यांनी टोपी सरळ केली, उजवा हात कपाळापर्यंत नेला आणि संथपणे सगळ्या मांडवाला मुजरा केला. कुठून तरी शिकून आले होते.

सासूबाई माझ्याजवळ सरकल्या. माझ्या कानाशी लागून त्यांनी विचारलं, "खरंज राजा शेतस का ह्या?"

मी मुंडावळ्या सावरल्या आणि म्हटलं, "हो. फार जुनं घराणं आहे."

सासूबाईंनी डोक्यावरचा पदर पुढे ओढला आणि नवरदेवाच्या मामांना उठवून त्यांची खुर्ची मास्तरांना द्यायला सांगितली.